औरंगाबादचा भाडेकरू

१९०८ साली औरंगाबादेत गंगाराम रूपचंद श्रॉफ यांच्या घरी एक मुलगा खोली भाड्याने घेऊन राहू लागला. मूळचा तो रत्नागिरी जिल्ह्यातल्या खेड तालुक्याचा. इंग्रजी शिक्षणासाठी मामाच्या आधाराने औरंगाबादेत आला, काही वर्षे मामाकडे राहिला आणि पुढे या मारवाडी घरात त्याचे बिऱ्हाड झाले. भाडेकरू आणि घरमालक यांची गट्टी जमली. मैत्री या विषयावर त्या मुलाने ‘मित्रप्रेम’ नावाची एक कादंबरीही लिहिली. मराठी कादंबरीच्या इतिहासात तिला जागा नाही आणि ती मिळावी असा माझा आग्रहही नाही. पण पुढच्याच वर्षी, २१ डिसेंबर १९०९ रोजी, याच मुलाने नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याला गोळ्या घातल्या. मुलाचे नाव अनंत लक्ष्मण कान्हेरे. वय अठराच्या आसपास.

विसाव्या शतकातल्या राजकीय खुनांवर जगभर ढिगाने पुस्तके निघाली. कोणी खुन्याच्या मनाची चिरफाड करतो, कोणी त्याची विचारसरणी तपासतो, कोणी परकीय हात शोधतो. मला या सगळ्यापेक्षा बिऱ्हाडाची ती खोली महत्त्वाची वाटते. घरापासून लांब आलेला, शिकणारा, वर्तमानपत्र वाचणारा, जिवाला जीव देणाऱ्या दोनचार मित्रांत रात्री जागवणारा मुलगा: साराजेव्होत तो असाच दिसतो, लंडनमध्ये असाच दिसतो आणि आपल्या औरंगाबादेतही असाच दिसतो. ग्रंथ वाचून बंदूक उचलणारे फार थोडे. मित्राला दिलेल्या शब्दाखातर उचलणारे पुष्कळ.

आजचे छत्रपती संभाजीनगर तेव्हा निजामाच्या मुलखातले सुभ्याचे ठाणे होते. गादीवर सहावा निजाम मीर महबूब अली खान. कचेरीत उर्दू, पेढीवर मारवाडी, घरात मराठी, आणि छावणीत गोऱ्या अधिकाऱ्यांची इंग्रजी. गुलमंडी, सराफा, औरंगपुरा या भागांत ही माणसे एकमेकांना खेटून राहत. बाहेरच्या जगाशी या शहराला नव्याने जोडले होते ते निजामाच्या मीटरगेज रेल्वेने. विसावे शतक उजाडता उजाडता हैदराबाद-गोदावरी खोऱ्याची ही लाइन मनमाडपर्यंत सुरू झाली आणि मनमाडला उतरून मोठ्या गाडीत बसले की नाशिक काही तासांवर आले. सकाळी निजामाच्या राज्यात असलेला माणूस संध्याकाळी इंग्रजांच्या जिल्ह्यात पोचू लागला. त्याच गाडीने ‘केसरी’ यायचा आणि ‘काळ’ यायचा. जुलै १९०८ मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा होऊन पुढे मंडालेला नेल्याची बातमीही त्याच वाटेने आली. ‘काळ’कर्ते शिवरामपंत परांजपे यांनाही त्याच वर्षी तुरुंग दाखवला गेला.

गुप्त मंडळ्यांना संस्थानी मुलूख सोयीचा पडायचा. इंग्रजांचा १८७८ चा हत्यारांचा कायदा तिथे जसाच्या तसा लागू नव्हता आणि इंग्रजांच्या पोलिसाला हद्द ओलांडताना रेसिडेंटमार्फत पत्रव्यवहार करावा लागे. नाशिकच्या ‘अभिनव भारत’ या गुप्त संघटनेशी संबंध असलेली माणसे येवल्यात होती, औरंगाबादेत होती. टोणपे नावाचा गंगारामचा एक स्नेही या मंडळींपैकी. नाशिकचा गणू वैद्य हा दुसरा दुवा. ‘अभिनव भारत’ची सुरुवातच मुळी सावरकर बंधू आणि त्यांच्या सवंगड्यांनी नाशिकच्या तिळभांडेश्वराच्या गल्लीत जमवलेल्या ‘मित्रमेळ्या’तून झाली होती, आणि १९०४ साली नाव बदलले तरी तिची घडण मित्रमेळ्याचीच राहिली. सभासद करायचा तो ओळखीतून, आणि ओळख व्हायची ती घरी, आखाड्यात किंवा शाळेत.

अनंतची परीक्षा गंगारामने घेतली, असे सांगतात. तापलेला चिमटा हातावर धरायचा, मग पेटत्या दिव्याच्या काचेला दोन्ही हात लावून ठेवायचे. अनंतने हात मागे घेतला नाही आणि चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. अशा कथांना नंतर भक्तिभावाची पुटे चढतात, हे धरून चालावे. पण ती परीक्षा कुणी घेतली हे विसरू नये. ती घेणारा कुणी सेनापती नव्हता, भाड्याची खोली देणारा मित्र होता. आणि अशा माणसापुढे हात मागे घेणे सेनापतीपुढे घेण्यापेक्षा कठीण असते.

आता जरा दूर जाऊन पाहू, कारण १९०९ हे साल एकट्या नाशिकचे नाही. १ जुलैला लंडनमध्ये मदनलाल धिंग्रा यांनी कर्झन वायली या अधिकाऱ्याला ठार केले. २६ ऑक्टोबरला मांचुरियातल्या हार्बिन स्टेशनात आन जुंग-गन या कोरियन तरुणाने इतो हिरोबुमी याला गोळ्या घातल्या. इतो चार वेळा जपानचा पंतप्रधान झालेला आणि कोरियावर जपानचा प्रमुख प्रतिनिधी म्हणून राज्य चालवून आलेला. १३ नोव्हेंबरला अहमदाबादेत व्हाइसरॉय मिंटोच्या गाडीवर बाँब पडले; तो वाचला. डिसेंबरात नाशिक. त्याआधी पाच वर्षे, जून १९०४ मध्ये, फिनलंडमध्ये ऑयगेन शाउमान याने रशियाचा गव्हर्नर जनरल बोब्रिकॉव्ह याला सरकारी इमारतीच्या जिन्यात गोळ्या घातल्या आणि तिथेच स्वतःवर पिस्तूल चालवले. नाशिकनंतर साडेचार वर्षांनी, २८ जून १९१४ ला, साराजेव्होत गाव्रिलो प्रिन्सिप.

शाउमान, आन, कान्हेरे आणि प्रिन्सिप या चौघांची एकमेकांशी ओळख नव्हती, भाषाही चार. तरी चौघांच्या हातातले हत्यार एकाच नावाचे होते: ब्राउनिंग. जॉन ब्राउनिंग या अमेरिकन कारागिराची रचना, आणि युरोपात ती बनवायची बेल्जियममधल्या हर्स्टल गावच्या कारखान्याने. १९०० सालच्या नमुन्याची सात लाखांवर पिस्तुले त्या कारखान्यातून बाहेर पडली. जुन्या रिव्हॉल्व्हरला मध्ये फिरते नळकांडे असते. कोटाच्या खिशात ते फुगते, बघणाऱ्याला शंका येते. ब्राउनिंग चपटे. मुठीत सात गोळ्यांचा खजिना, एक झाडली की दुसरी आपोआप नळीत चढते, घोडा पुन्हा चढवायला नको. फार सराव नसलेल्या माणसालाही, तो पुरेसा जवळ गेला तर, पाच-सहा सेकंदांत खजिना रिकामा करता येतो. एकोणिसाव्या शतकातल्या खुन्याला पुष्कळदा बाँब कालवावा लागे किंवा खंजीर घेऊन अंगावर जावे लागे. विसाव्या शतकाने ही विद्या दुकानात विकायला ठेवली.

यांपैकी वीस पिस्तुले मार्च १९०९ मध्ये मुंबईला उतरली. विनायक दामोदर सावरकरांनी ती लंडनहून पाठवली आणि आणली चतुर्भुज अमीन याने. हा ‘इंडिया हाऊस’ या लंडनमधल्या हिंदी विद्यार्थ्यांच्या वसतिगृहातला स्वयंपाकी. पेटीला खोटा तळ बसवून त्यात पिस्तुले आणि गोळ्या भरल्या होत्या. मुंबईच्या गोदीवर पेटी सुटली आणि पिस्तुले हातोहात फुटली: काही पेणच्या बाजूला, काही नाशिकला. कान्हेरेच्या हाती आले ते या विसांतले एक.

पिस्तूल आले, पण जॅक्सनच का?

सावरकरांचे थोरले बंधू बाबाराव यांना फेब्रुवारी १९०९ च्या अखेरीस अटक झाली होती. गुन्हा असा की त्यांनी काही कविता छापल्या. खटला सेशन कोर्टाकडे पाठवला जॅक्सनने. ८ जूनला बाबारावांना जन्मठेप, काळे पाणी आणि मालमत्तेची जप्ती अशी शिक्षा झाली. नोव्हेंबरात हायकोर्टाने ती कायम केली. कविता छापल्याबद्दल जन्मठेप, या गोष्टीने नाशिकच काय, अवघा महाराष्ट्र हादरला. धिंग्रांचे पिस्तूल लंडनमध्ये झडले तेही या शिक्षेनंतर तीन आठवड्यांनी.

आता नीट पाहा. राजद्रोहाचे कलम जॅक्सनने लिहिले नव्हते. शिक्षा त्याने दिली नव्हती, कायम केली नव्हती. हुकमाची साखळी कलकत्त्याहून लंडनपर्यंत गेलेली. त्या साखळीचा नाशिकला दिसणारा शेवटचा दुवा म्हणजे कलेक्टर. जगातल्या राजकीय खुनांची यादी चाळली की हा प्रकार वारंवार भेटतो. ज्याच्या हातात धोरण असते तो पहाऱ्यात असतो. जो संध्याकाळी नाटकाला येतो, स्टेशनावर उतरतो, उघड्या मोटारीतून जातो, तो मरतो. १८९७ साली चाफेकरांनी पुण्यात मारलेला रँड प्लेग कमिटीचा अध्यक्ष होता. प्लेगचा कायदा त्याचा नव्हता. मात्र नाशिकच्या माणसाच्या दारात सरकार यायचे ते कलेक्टरच्याच चेहऱ्याने. त्याला ‘खरा दोषी कलकत्त्यात बसलाय’ हे सांगून काय उपयोग होता, हेही ध्यानात घ्यावे लागते.

आर्थर मेसन टिपेट्स जॅक्सन हा माणूस मात्र गुंतागुंतीचा आहे. ऑक्सफर्डात शिकलेला, संस्कृत जाणणारा. लोक त्याला पंडित जॅक्सन म्हणत. मागच्या जन्मी आपण वेद जाणणारा ब्राह्मण होतो असे तो सांगे, अशीही आठवण आहे. ‘मुंबई गॅझेटिअर’च्या पहिल्या खंडात गुजरातचा प्राचीन इतिहास आहे. त्याची सामग्री पंडित भगवानलाल इंद्रजींची. त्यांच्या निधनानंतर ते काम पुरे करण्यात जॅक्सनचा हात होता. नाशिकला असताना त्याने आणखी एक उद्योग मांडला होता. मुंबई इलाख्यातल्या शाळामास्तरांकडे प्रश्नावल्या पाठवायच्या आणि गावोगावच्या समजुती लिहून मागवायच्या: ग्रामदेवता कोणती, वेताळ कुठे बसतो, दृष्ट कशी काढतात, पाऊस पडावा म्हणून बायका काय करतात, साप मारला तर काय, देवीची साथ आली तर काय. मास्तर मंडळी मोडक्यातोडक्या इंग्रजीत उत्तरे पाठवीत. त्याच्या खुनानंतर मित्रांनी स्मारकनिधी जमवला आणि एंथोवेन या सनदी अधिकाऱ्याने ती टिपणे लावून १९१४-१५ मध्ये दोन भागांत छापली. एक भाग गुजरातचा, दुसरा कोकणचा. म्हणजे ज्या कोकणातला अनंत कान्हेरे, तिथल्या देवदेवस्कीची मोठी नोंद करून ठेवली ती त्याच्याच गोळीने मेलेल्या माणसाने. लोकसाहित्याचे अभ्यासक आजही तो भाग वापरतात.

जॅक्सनविषयी आपल्याकडे दोन टोकाची मते आहेत. एक म्हणते, संस्कृतचे ढोंग करून त्याने लोकांना भुलवले. दुसरे म्हणते, एका ऋषितुल्य विद्वानाला आपण मारले. मला दोन्हींत काही हशील वाटत नाही. दुपारी राजद्रोहाचा खटला पुढे पाठवायचा आणि संध्याकाळी वेताळाची माहिती लिहून काढायची, हे एकाच माणसाला जमत होते आणि त्यात त्याला विसंगतीही वाटत नव्हती. इंग्रजी राज्य अशाच माणसांवर चालले. नुसत्या दुष्टांवर चालले असते तर दीडशे वर्षे टिकते ना.

नाशिकच्या मंडळाचे सूत्र तेव्हा कृष्णाजी गोपाळ कर्वे यांच्याकडे होते, मित्रांचे ते अण्णा कर्वे. विनायक नारायण देशपांडे हे दुसरे. गणू वैद्य औरंगाबादला गेला आणि अनंतला घेऊन आला. मुद्दा घाईचा झाला तो जॅक्सनच्या बदलीमुळे. त्याला बढती मिळून तो मुंबईला जाणार होता आणि नाशिककरांनी निरोपाचा समारंभ ठरवला होता. निरोप म्हणून किर्लोस्कर नाटक मंडळीचा खेळ: गोविंद बल्लाळ देवलांचे ‘संगीत शारदा’. म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधल्या जाणाऱ्या कोवळ्या मुलीचे हे नाटक दहा वर्षांपूर्वी रंगभूमीवर आले होते आणि त्याची लोकप्रियता टिपेला होती. जॅक्सनला मराठी नाटकाची गोडी होती, म्हणून आमंत्रण नाकारण्याचा प्रश्न नव्हता.

विजयानंद नाट्यगृहात पुढच्या ओळीत साहेबाची खुर्ची राखलेली. अनंत आधीच येऊन बसला होता. त्याच्याजवळ दोन हत्यारे होती: ब्राउनिंग साहेबासाठी आणि दुसरे, निकेलचा मुलामा दिलेले, स्वतःसाठी. त्याचा नेम चुकला तर कर्वे, कर्व्यांचाही चुकला तर देशपांडे, अशी योजना होती. साहेब आला, लोक उठून उभे राहिले, स्वागत झाले. जागेकडे जाण्यासाठी तो वळला आणि अनंत अगदी जवळ गेला. पहिली गोळी वाया गेली. पुढच्या लागल्या. जॅक्सन तिथेच कोसळला. तिथे हजर असलेले पळशीकर हे अधिकारी आणि मारुतराव तोरडमल यांनी अनंतवर झडप घातली. पळशीकरांनी हातातली काठी हाणली. दुसऱ्या पिस्तुलाला हात घालायला अनंतला सवड मिळाली नाही. कर्वे आणि देशपांडे यांना काही करावेच लागले नाही.

सापडलेला खुनी ही पोलिसांच्या दृष्टीने सोन्याची खाण असते. स्वतःला संपवण्याची योजना होती ती यासाठीच. ती फसली आणि महिन्याभरात नाशिक, येवला, औरंगाबाद, पेण, मुंबई असे सगळे धागे हाती आले. ज्या ओळखीपाळखीने मंडळ बांधले गेले होते, त्याच ओळखीपाळखीने ते उसवत गेले. अ कुणाकडे राहिला, ब कुणाबरोबर मनमाडला उतरला, क ने पिस्तूल कुणाच्या माळ्यावर ठेवले. पेटी आणणारा चतुर्भुज अमीन माफीचा साक्षीदार झाला.

खटला चालला मुंबई हायकोर्टात, आणि तोही खास कायद्याने. एप्रिल १९०८ मध्ये मुजफ्फरपूरला खुदिराम बोस आणि प्रफुल्ल चाकी यांनी किंग्जफर्ड या न्यायाधीशासाठी टाकलेला बाँब दुसऱ्याच गाडीवर पडून केनेडी मायलेकी मेल्या होत्या. त्या वर्षअखेरीस सरकारने एक कायदा केला: अशा खटल्यांत ज्यूरी नाही, तीन न्यायाधीश बसतील आणि त्यांच्या निकालावर अपील नाही. नाशिकचा निकाल २९ मार्च १९१० ला लागला. कान्हेरे, कर्वे, देशपांडे यांना फाशी. इतरांपैकी काहींना जन्मठेप. १९ एप्रिलला ठाण्याच्या तुरुंगात तिघांना फासावर चढवले. निकालापासून तीन आठवडे. तिकडे पोर्ट आर्थरला आन जुंग-गनला २६ मार्चलाच फाशी झाली होती.

या ठिकाणी साराजेव्होची आठवण पुन्हा काढायला हवी. गाव्रिलो प्रिन्सिपने ऑस्ट्रियाच्या युवराजाला आणि त्याच्या बायकोला मारले. त्या दोन गोळ्यांनंतर महायुद्ध पेटले. तरीही प्रिन्सिपला फाशी देता आली नाही, कारण वीस वर्षे पुरी न झालेल्या आरोपीला फाशी देऊ नये असा ऑस्ट्रियाचा कायदा होता आणि प्रिन्सिपला वीस पुरी व्हायला काही दिवस कमी होते. त्याला वीस वर्षांची कैद झाली. क्षयाने तो १९१८ मध्ये तुरुंगातच गेला. खुदिराम अठराचा, कान्हेरे अठराचा. हिंदुस्थानातल्या इंग्रजी कायद्याने त्यांचे वय विचारात घेतले नाही. युवराज मारला तरी वय पाहणारे साम्राज्य आणि कलेक्टर मारल्यावर वय न पाहणारे साम्राज्य, यांत अधिक सुधारलेले कोणते, हे वाचकांनी ठरवावे.

नाशिकच्या गोळ्यांचा परिणाम काय झाला? जमाखर्च मांडायचा तर खर्चाची बाजू लांबलचक आहे. फेब्रुवारी १९१० मध्ये नवा प्रेस कायदा आला आणि छापखान्यांकडून जामीन घेण्याचा अधिकार सरकारला मिळाला. १३ मार्चला सावरकरांना लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनवर अटक झाली. ८ जुलैला त्यांनी मार्सेलिसच्या बंदरात बोटीतून उडी घेतली, पोहून फ्रान्सच्या धक्क्यावर गेले आणि पुन्हा इंग्रजांच्या हाती पडले. फ्रान्सच्या भूमीवरचा कैदी असा ओढून नेता येतो का, हा वाद हेगच्या लवादापर्यंत गेला आणि २४ फेब्रुवारी १९११ ला निकाल इंग्लंडच्या बाजूने लागला. म्हणजे औरंगाबादच्या भाड्याच्या खोलीतून निघालेला धागा अवघ्या काही वर्षांत आंतरराष्ट्रीय कायद्याच्या पुस्तकात जाऊन बसला. त्या विषयाचे विद्यार्थी तो खटला आजही वाचतात. नाशिक कटात अडतीस आरोपी होते. डिसेंबर १९१० मध्ये सावरकरांना जन्मठेप झाली आणि जानेवारी १९११ मध्ये जॅक्सनच्या खुनाला मदत केल्याबद्दल दुसरी. दोन्ही मिळून पन्नास वर्षे. नाशिकचे मंडळ संपले.

जमेच्या बाजूला धाक होता, तेज होते, पुढच्या पिढीला मिळालेली नावे होती. ते कमी लेखू नये. नाशिकचे मैदान आज हुतात्मा अनंत कान्हेरे यांच्या नावाने ओळखले जाते, तिथे क्रिकेटचे सामने होतात. पण बाबारावांची शिक्षा एका दिवसाने कमी झाली नाही. इतोच्या खुनानंतर दहा महिन्यांत जपानने कोरिया रीतसर गिळला. बोब्रिकॉव्ह गेल्यावर फिनलंडवरचा दाब थोडा सैल झाला खरा, पण त्यात १९०५ च्या रशियन उठावाचाही वाटा होता. नेमक्या याच काळात, नोव्हेंबर १९०९ मध्ये, लंडनहून आफ्रिकेला निघालेल्या बोटीवर गांधीजी ‘हिंद स्वराज’ लिहीत होते. धिंग्रांच्या गोळीनंतर लंडनमध्ये ज्या तरुणांशी त्यांचे वाद झाले, त्यांना दिलेले ते उत्तर होते. त्यांचे म्हणणे असे की खुनाने राज्य मिळाले तर ते खुन्यांचेच राज्य होईल. ‘हिंद स्वराज’ लिहिणारा माणूस अडतीस वर्षांनी स्वतः गोळीला बळी पडला, तीही स्वतंत्र भारतात आणि मराठी माणसाच्या हातून.

महाराष्ट्रात याच परंपरेतली एक गोष्ट वेगळ्या वळणाने गेली. २२ जुलै १९३१ रोजी फर्ग्युसन कॉलेजात वासुदेव बळवंत गोगटे या विद्यार्थ्याने हंगामी गव्हर्नर हॉटसनवर गोळ्या झाडल्या. हॉटसन बचावला. गोगट्यांना काही वर्षांची कैद झाली, पुढे ते सुटले आणि पुण्याचे महापौरही झाले. हॉटसन वाचला म्हणून दोघेही जगले.

मराठवाड्यात मात्र पुढचे रक्त उलट्या दिशेने सांडले. कान्हेरे निजामाच्या मुलखातून इंग्रजांच्या मुलखात मारायला गेला होता. १९४६ ते ४८ या काळात निजामाच्याच मुलखात रझाकार, म्हणजे निजामाच्या बाजूचे सशस्त्र स्वयंसेवक, मारत होते, आणि मरत होते ते राज्याच्या विलीनीकरणाची बाजू घेणारे. २९ ऑक्टोबर १९४६ रोजी बिलोलीजवळ अर्जापूरच्या शिवारात स्टेट काँग्रेसचे कार्यकर्ते गोविंदराव पानसरे यांचा खून झाला. (२०१५ साली कोल्हापुरात ज्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या ते कॉम्रेड गोविंद पानसरे वेगळे. नावे सारखी असल्याने नव्या वाचकांचा हमखास घोटाळा होतो.) हैदराबाद मुक्तिसंग्रामातले मराठवाड्याचे पहिले हुतात्मे म्हणून पानसऱ्यांचे नाव घेतात. २२ ऑगस्ट १९४८ च्या सुमारास हैदराबादेत ‘इमरोज’ या उर्दू दैनिकाचे तरुण संपादक शोएबुल्ला खान यांना रात्री घरी जाताना गाठून गोळ्या घातल्या आणि त्यांचा हात तोडला. मुसलमान असून रझाकारांविरुद्ध आणि विलीनीकरणाच्या बाजूने लिहितो, हा गुन्हा. तीन आठवड्यांनी भारत सरकारची पोलीस कारवाई सुरू झाली. या दोघांना मारणाऱ्यांनाही हाताशी आलेला माणूसच सापडला होता: एक प्रवासात असलेला, दुसरा कचेरीतून घरी निघालेला.

या काळात खुद्द निजामावरही एकदा हल्ला झाला. ४ डिसेंबर १९४७ रोजी हैदराबादेत किंग कोठीजवळ नारायणराव पवार या आर्यसमाजी तरुणाने मीर उस्मान अली खान यांच्या मोटारीवर बाँब टाकला. भारत सरकारशी ‘जैसे थे’ करार होऊन आठवडाही झाला नव्हता. बाँब मोटारीला लागला, बघ्यांपैकी काही जखमी झाले, निजामाला इजा झाली नाही. पवारांना फाशीची शिक्षा झाली; ती अमलात येण्याआधी राज्यच गेले आणि १९४९ मध्ये ते सुटले. निजाम २६ जानेवारी १९५० पासून १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना होईपर्यंत स्वतंत्र भारतातल्या हैदराबाद राज्याचे राजप्रमुख होते, आणि औरंगाबाद हा त्या राज्यातला एक जिल्हा होता.